चेअरमन दोन झाले तो आठवडा

केशरचा साखरपुडा रविवारी झाला आणि सोमवारी संध्याकाळपासून तिच्या आईने, म्हणजे कौशल्याबाईंनी, नवऱ्याशी बोलणं बंद केलं. भांडण झालं असतं तर आसारामरावांना चाललं असतं. ते टाकळवाडीच्या दूध संस्थेचे चेअरमन होते आणि आवाज चढवून सभा जिंकण्याचा त्यांना सराव होता. पण कौशल्याबाई ताट समोर ठेवत आणि भिंतीला सांगत, "भाकर वाढलीय." भिंतीशी वाद कसा घालायचा, हे आसारामरावांना कुठल्याच सभेत शिकायला मिळालं नव्हतं.

कारण साधं होतं. साखरपुड्याला केशरचा सख्खा मामाच आला नव्हता. सुग्रीवमामा राहायचे चकलांब्याला. तिथं जायचं तर आधी बीड गाठावं लागे आणि तिथून गाडी बदलावी लागे. "मामाच्या मानाचं बोलावणं दुसऱ्या कुणाच्या हाती धाडायचं न्हाई. मी सोता जातो," असं चार लोकांत सांगून आसारामराव पंधरवड्यापूर्वी घरातून निघालेही होते. पण बीडच्या स्टँडवर त्यांना दुसऱ्या एका संस्थेचे चेअरमन भेटले. सहकार कुठं चाललाय यावर दोघे चहा पीत बोलत बसले, तोवर चकलांब्याची गाडी गेली. बोलून बोलून दमलेले आसारामराव घरी परतले. आपण चकलांब्याला निघालो होतो एवढं त्यांच्या पक्कं लक्षात राहिलं. पोचलो नव्हतो, हे राहिलं नाही.

सोमवारी नांदूरघाटच्या बाजारात चकलांब्याचा एक माणूस भेटला आणि त्याने मामांचा निरोप जसाच्या तसा दिला: "साखरपुडा मामाबिगर झाला, तसं लगीन बी व्हईल. पाठीशी उभं ऱ्हायला एखादा मामा भाड्यानं बघा."

तेव्हा आसारामरावांना बीडचा तो चहा आठवला.

रात्रभर विचार करून मंगळवारी सकाळी ते उठले आणि थेट संस्थेच्या मागच्या माळावर गेले. तिथं भिंगरी होती.

भिंगरीची हकिगत थोडी सांगायला हवी. संस्थेने खरं तर दूध गार ठेवायचं यंत्र मागितलं होतं. मागणी वर वर जात मंजूर होऊन खाली आली तोवर दोन पावसाळे कोरडे गेले, म्हशी आटल्या किंवा चारा छावणीत गेल्या, आणि संस्थेत दुधाच्या कॅनपेक्षा संचालकांची संख्या जास्त झाली. दुष्काळी भागात पाणी नाही पण वारा पुष्कळ आहे, तेव्हा वाऱ्यावर चालणारं काहीतरी द्यावं, असं वर कुणाच्या तरी मनात आलं असावं. ट्रकमधून जे उतरलं ते होतं वायुचलित कालप्रवास यंत्र. गाव त्याला भिंगरी म्हणू लागलं. उंच लोखंडी खांब, वर पत्र्याची मोठी पाती आणि खाली एस.टी.तल्यासारखं एका माणसाचं बाकडं. वारा मावळतीकडून सुटला की बाकड्यावरचा माणूस मागच्या दिवसांत जायचा. उगवतीकडून सुटला की परत आपल्या दिवसात यायचा. आमच्या भागातल्या वाऱ्याचा रेटा आठ दिवसांपलीकडं पोचत नसे. पुढच्या दिवसांत जायची सोयच नव्हती, पण त्याचं कुणाला वाईट वाटलं नाही. दुष्काळात पुढचं पाहायची घाई कोणाला असते?

सुरुवातीला लोक बिचकले, मग सरावले. मळणीयंत्रासारखे नंबर लागू लागले. कुणाची एस.टी. चुकलेली असे, कुणाची किल्ली हरवलेली असे. सगळ्यात जास्त गर्दी भांडून आलेल्यांची. भांडणात नेमकं उत्तर आपल्याला घरी पोचल्यावर सुचतं; टाकळवाडीची माणसं ते उत्तर द्यायला मागच्या आठवड्यात जाऊन येत.

यंत्र चालवायला त्रिंबक होता. तो संचालक सुंदरराव यांचा भाचा असल्यामुळे त्याला यंत्राची माहिती असणार, असं नेमणुकीच्या वेळी सर्वानुमते ठरलं होतं. यंत्राबरोबर आलेली एकच सूचना त्याला पाठ होती, आणि ती तो प्रत्येकाला सांगे: "सोताला भेटायचं न्हाई."

"कावून?" आसारामरावांनी मंगळवारी बाकड्यावर बसता बसता विचारलं.

"ते लिवलेलं न्हाई," त्रिंबक म्हणाला.

"ओ चेअरमन, नंबर माझा हाय," भामाबाई म्हणाली. तिची शेळी चुकली होती, आणि ती कुठल्या बांधाने गेली हे बघायला ती सकाळपासून उभी होती.

"भामाबाई, संस्थेचं काम हाय," आसारामराव म्हणाले. आपल्या कुठल्याही कामाला ते संस्थेचं काम म्हणत, आणि तसं म्हणताना त्यांना ते खरंच वाटत असे. त्रिंबकने खटका ओढला. पाती गरगरली, डोळ्यांत माती गेली, आणि माती काढून आसारामरावांनी पाहिलं तर तोच माळ, तोच त्रिंबक, पण वार आधीचा सोमवार. साखरपुडा अजून व्हायचा होता.

पुढचा भाग इतका सुरळीत पार पडला की आसारामरावांना स्वतःचं कौतुक वाटलं. बीडच्या स्टँडवर ते कुणाकडेही न बघता, मान खाली घालून चकलांब्याच्या गाडीत बसले. मेहुणा दारातच भेटला.

"दाजी, तुमी सोता?" सुग्रीवमामा म्हणाले. "एवढ्या उन्हाचं? चिठ्ठी धाडली असती तर आलो नसतो व्हय?"

"मामाला चिठ्ठी धाडायची?" आसारामराव म्हणाले. "तसला माणूस न्हाई मी."

मामांनी कोंबडा कापला. जेवण झाल्यावर अंगणात बाज टाकली आणि दाजींना मुक्कामाचा आग्रह केला. पोट भरल्यावर आसारामरावांचं मन नेहमीच मोठं होई. त्यांनी मेहुण्याच्या मांडीवर थाप मारून सांगितलं, "रविवारी पहिला टिळा तुमाला. सुंदरराव न् बाकीचे संचालक, सगळे तुमच्या मागून." मामांचे डोळे पाणावले.

मंगळवारी दुपारी आसारामराव खुशीत संस्थेवर परतले. आता बाकड्यावर बसायचं, आपल्या दिवसात जायचं आणि कौशल्याबाईंचं बोलणं ऐकायचं, एवढंच बाकी होतं. पण वारा मावळतीकडूनच वाहत होता.

"उगवतीचं वारं या महिन्यात कुठून यावं?" त्रिंबक म्हणाला.

"मग मी परत कसा जाणार?"

"थांबायचं. आलं वारं तर बरंच. न्हाई आलं तरी मंगळवार काय कुठं पळून जातोय? दिवस चालत येतेतच. तवर सोताला तेवढं भेटू नका."

आसारामराव पेंडीच्या गोदामात शिरले. संस्थेच्या चेअरमनला संस्थेच्याच गोदामात लपावं लागणं काही नवं नव्हतं. आधीच्या चेअरमनवरही ती पाळी आली होती, फक्त कारण वेगळं होतं. पेंडीच्या पोत्यावर त्यांनी रात्र काढली. सकाळी भुकेने जाग आली, आणि दारात कौशल्याबाई उभ्या होत्या. त्या दूध घालून पेंड घ्यायला आल्या होत्या.

त्यांनी किटली खाली ठेवली. "आत्ता तर बाजंवर घोरत व्हता."

"तो दुसरा."

"दुसरा कोन?"

"मीच. पर तो आजचा. मी म्होरल्या मंगळवारचा."

संसारात आसारामरावांनी बायकोला अनेक गोष्टी समजावून सांगितल्या होत्या. त्या मानाने ही पटण्यासारखी होती. कौशल्याबाई पोत्यावर टेकल्या आणि त्यांनी सगळं ऐकून घेतलं. निरोप, मौन, भिंगरी, कोंबडा. ऐकून त्यांनी एकच विचारलं.

"म्हंजी त्या दिशी तुमी चकलांब्याला गेलतेच न्हाई?"

"गेलतो की."

"पोचलते का?"

"बीडपातुर," आसारामराव म्हणाले. मग घाईने त्यांनी जोड दिली, "पर आता जाऊन आलो. सुग्रीवराव येणार हायेत. निस्तरलं समदं."

कौशल्याबाईंनी विचार केला. "म्हंजी चुकी त्यानं केली न् निस्तरली तुमी."

आसारामरावांचा ऊर भरून आला. लग्न झाल्यापासून पहिल्यांदाच घरातली चूक दुसऱ्या कुणाच्या नावावर पडली होती. तो दुसरा कोण, हे आठवल्यावर मग ते जरा खाली आले.

"चला घरी," कौशल्याबाई म्हणाल्या. "हितं लोकांनी बघितलं तर माझी शोभा व्हईल."

"सोताला भेटायचं न्हाई म्हंतो त्रिंबक."

"मी रोज भेटते," त्या म्हणाल्या. "काय व्हत न्हाई."

घरी ओसरीवर बाजेवर एक माणूस उताणा पडला होता. तोंड उघडं, एक पाय खाली लोंबलेला, पोट शर्टाच्या दोन गुंड्यांमधून बाहेर डोकावणारं. आसारामराव दारातच थबकले.

"मी असा दिसतो?"

"असं काय करता, निजल्यावर जरा बरं दिसता," कौशल्याबाई म्हणाल्या आणि बाजेचा पाय हलवला. "उठा. तुमीच आलाव."

बाजेवरचे आसारामराव उठले, डोळे चोळले आणि समोरच्या माणसाला खालपासून वरपर्यंत न्याहाळून म्हणाले, "मी एवढा जाड न्हाई."

इथून पुढं घोटाळा नको म्हणून घरात आधी नावं ठरली. बाजेवरचे ते घरचे आणि भिंगरीतून आलेले ते म्होरले. घरच्यांचा चकलांब्याच्या बाबतीत जो पंचनामा व्हायचा होता तो कौशल्याबाईंनी तिथल्या तिथं केला. म्होरले खांबाला टेकून ऐकत होते. आपली बोलणी दुसऱ्याने खाल्लेली बघताना त्यांना फार बरं वाटत होतं. अध्येमध्ये ते "बरोबर हाय" असंही म्हणाले.

केशरने दोघांना चहा दिला आणि आईला विचारलं, "आता आबा कुणाला म्हनू?"

"जो पानी आनंल त्याला," कौशल्याबाई म्हणाल्या.

हे त्या सहज बोलून गेल्या होत्या. गावात टँकर येऊन विहिरीत रिकामा व्हायचा आणि तिथून घागरी भरून आणाव्या लागत. चेअरमनने आजवर त्या विहिरीवर फक्त एकदा पाय ठेवला होता, तोही टँकरला हार घालायला. पण आता घरात दोघे होते. म्होरले उठून दोन घागरी घेऊन गेले. ते धापा टाकत परतले तेव्हा घरचे म्हणाले, "एवढ्याला धाप?" आणि त्याच घागरी रिकाम्या करून तेही निघाले. दोघांनी एकदम बाहेर पडायचं नाही, असं ठरलेलं होतं. त्यामुळे एक परतला की दुसरा निघायचा. मागं राहिलेल्याला बसून राहायची लाज वाटे, म्हणून तो म्हशीखालचं शेण काढायचा.

विहिरीवर जमलेल्या बायका बघतच राहिल्या. चेअरमन घागरी भरून नेतात, पुन्हा येतात, पुन्हा नेतात आणि मध्ये दमसुद्धा खात नाहीत.

"संस्थेची निवडणूक लागली वाटतं," एकीने अंदाज केला. दुसऱ्या दिवशी सुंदरराव स्वतः घागर घेऊन विहिरीवर आले, आणि तिसऱ्या दिवशी सबंध संचालक मंडळ. निवडणूक कधी आहे हे कुणालाच माहीत नव्हतं, पण मागं राहायची कुणाची तयारी नव्हती.

घरात मात्र त्रिंबकच्या सूचनेचा अर्थ आसारामरावांना हळूहळू कळत गेला. स्वतःला भेटल्याने आभाळ कोसळत नाही. नुसता वैताग येतो. घरचे आसारामराव बशीतून चहा ओढताना असा आवाज काढत की म्होरल्यांच्या दातांना शिवशिवायचं. जेवताना ते सहकाराचं भाषण करत. हौदावरून म्हैस परत आली तो विनोद ते सांगत आणि सांगायच्या आधी स्वतःच हसत. शुक्रवारी तो विनोद तिसऱ्यांदा निघाला तेव्हा म्होरले कौशल्याबाईंना बाजूला घेऊन म्हणाले, "या मान्साला दुसरं काय येतच न्हाई का?"

"मला इचारता?" कौशल्याबाई म्हणाल्या.

"तुमी ऐकून कसं घेता?"

"मी कवा ऐकत असते?"

म्होरल्यांनी त्या रात्री मनाशी ठरवलं की चहा पिताना आवाज काढायचा नाही. सकाळी त्यांनी पेला तोंडाला लावला आणि समोरून घरचे म्हणाले, "जरा हळू वढा की. म्हैस बुजतीय."

घरच्यांची तक्रार वेगळी होती. म्होरल्यांना रविवारी काय होणार हे आधीच माहीत असल्यामुळे ते पदोपदी शहाणपण शिकवत. मांडव इकडे नको, ऊन येतं. व्याह्यांना आधी पाणी, मग नमस्कार. भाषण छोटं कर, भात गार होतो.

"तुमी एक डाव केलाय ना साखरपुडा?" घरचे म्हणाले. "मग आता माझा मला करू द्या."

हे रास्त होतं. रविवारी पाहुण्यांपुढे घरचे बसतील आणि म्होरले आतल्या खोलीत थांबतील, असं ठरलं. मात्र एक गोष्ट राहून गेली. मेहुण्याला बोलावणं केलंय एवढं म्होरल्यांनी सांगितलं होतं. ते चकलांब्याला जाऊन, कोंबडा खाऊन, मुक्काम करून, टिळ्याचा शब्द देऊन आले होते, हे सांगितलंच नव्हतं. उरलेलं सगळं शहाणपण शिकवण्यात त्यांचा आठवडा गेला होता.

रविवारी केजकडचे पाहुणे आले. व्याही वजनदार गृहस्थ होते आणि सगळीकडे बारीक नजरेने बघत होते. थोड्या वेळाने नवा फेटा बांधून सुग्रीवमामा मांडवात शिरले आणि हात पसरून दाजींकडे गेले.

"राम राम, दाजी."

"अरे, सुग्रीवराव," घरचे आसारामराव म्हणाले. "लई दिसांनी. अहो, किती वर्सं झाली भेटून. वाळलाव की."

मामांचे हात तसेच राहिले. "परवा सोमवारी तर माझ्या घरी जेवून झोपून गेलाव, दाजी."

"मी?" घरचे हसले. त्यांना वाटलं, मेहुणा थट्टा करतोय. आणि थट्टेला उत्तर द्यायलाच हवं. "मी तुमच्याकडं आलो असतो तर उपाशी आलो असतो का माघारी?"

मांडवातले चार लोक हसले. मामा हसले नाहीत. तेवढ्यात कुंकवाचं ताट आलं आणि घरच्यांनी मोठ्या आवाजात सांगितलं, "पहिला टिळा आमचे ज्येष्ठ संचालक सुंदरराव यांना."

सुग्रीवमामा उठले. चप्पल शोधू लागले. व्याह्यांनी शेजारच्याला विचारलं, "पोरीचा मामा निघाला का काय?" तो प्रश्न पहिल्या रांगेपासून शेवटच्या रांगेपर्यंत जायला वेळ लागला नाही. जेवणाआधी मामा मांडवातून निघून जातो, असं घर कसलं, हे व्याह्यांच्या कपाळावर स्पष्ट दिसत होतं. केशरने मान खाली घातली.

आतल्या खोलीच्या खिडकीतून म्होरले हे सगळं बघत होते. पहिल्या वेळी मामा आले नव्हते, एवढंच वाईट झालं होतं. आता ते येऊन जात होते. आपण मागं येऊन दुरुस्ती केली आणि काम आणखी बिघडवलं. बिघडवणारा मांडवात उभा राहून दात काढत होता, आणि त्याला शिव्या द्याव्यात तर त्या कुठं लागणार हेही उघड होतं.

कौशल्याबाईंनी मामांचा हात धरला. "सुग्रीव, जरा आत ये."

"आक्का, मला अडवू नगं. मी पानी बी घेनार न्हाई."

"नगं घेऊ. नुसतं आत येऊन बघ. मग जा."

मामा आत आले. खोलीत लसणाच्या ढिगापुढे फतकल मारून दाजी बसले होते. मामांनी वळून दारातून मांडवात पाहिलं. तिथंही दाजी होते आणि व्याह्यांना म्हशीचा विनोद सांगत होते. मामांनी पुन्हा आत पाहिलं.

"सुग्रीवराव," आतले आसारामराव पडेल आवाजात म्हणाले, "कोंबडा खाल्ला तो मी. तो भायेरचा येगळा हाय. म्हंजी मीच हाय, पर त्याला काय म्हाईत न्हाई. आन खरं सांगायचं तर मी त्या दिशी पोचलोच नव्हतो. बीडात चहा पीत बसलतो. तवा माघारी येऊन बोलवावं लागलं."

"भिंगरी?" मामांनी विचारलं.

"भिंगरी."

मामा खोलीतल्या पेंडीच्या पोत्यावर बसले. थोडा वेळ त्यांचे खांदे हलत राहिले, आणि कौशल्याबाईंना वाटलं भाऊ रडतोय. पण तो हसत होता. फेटा काढून त्यांनी डोळे पुसले.

"आक्का," ते म्हणाले, "एका दाजीवर तुजा जन्म गेला. आता दोन?"

"आठवडा झाला," कौशल्याबाई म्हणाल्या.

"आन मी टिळ्यासाटी रुसून चाललतो." त्यांनी बहिणीकडे असं पाहिलं, जसं तिच्या लग्नात निरोप देतानाच पाहिलं असेल. मग फेटा पुन्हा बांधला, बाहेर जाऊन व्याह्यांना मिठी मारली आणि जेवायला बसले. पंगतीत ते लग्नघरातल्यासारखे हसत होते. बाहेरच्या दाजींचं भाषण रंगात आलं तेव्हा ते दोनदा आत गेले आणि आतल्या दाजींकडून वरणभात वाढून घेऊन आले. व्याही म्हणाले, मामा मोठ्या मनाचा आहे. साखरपुडा झाला. लग्नाची तिथीही धरली गेली.

उगवतीचा वारा काही आला नाही. मंगळवार चालतच आला. सकाळी दोघे आसारामराव आणि कौशल्याबाई भिंगरीपाशी गेले. भामाबाई शेळीसाठी तिथं उभीच होती. तिने दोघांकडे पाहिलं आणि आपला नंबर जाणार हे ओळखून आधीच कंबरेवर हात ठेवले.

"आता तुमी बसा," म्होरले घरच्यांना म्हणाले.

"मी कावून बसू?"

"मी बसलतो म्हनून."

"तुमाला काम होतं. मेहुणा रुसलता. माझा मेहुणा खुश हाय. मला मागं काय करायचंय?"

म्होरल्यांनी त्रिंबककडे पाहिलं. त्रिंबकने डोकं खाजवलं.

"कुनीतरी गेल्याबिगर जमायचं न्हाई," तो म्हणाला. "हे न्हाई गेले तर मागल्या सोमवारी आलं कोन? आन आलंच न्हाई कुनी, तर मेहुण्याला बोलावलं कोन? आन बोलावलं न्हाई तर..."

"ते ऱ्हाऊ द्या की," भामाबाई म्हणाली. "एकाला बसवा न् मला मोकळं करा. शेळी का थांबनार हाय?"

"गावात चेअरमन एकच असतो," म्होरले म्हणाले.

"तो मीच," घरचे म्हणाले. "तुमी तर गोदामातून आलाव."

वाद चढत गेला. दोघांचा आवाज एकच, मुद्दे तेच, हातवारेही तेच. ऐकणाऱ्याला एकच माणूस स्वतःशी भांडतोय असं वाटावं. सभेत आसारामराव आजवर कधी हरले नव्हते. आज पहिल्यांदाच समोर तोडीस तोड माणूस होता, आणि म्हणूनच कुणी जिंकायचं लक्षण नव्हतं. शेवटी दोघेही थकून कौशल्याबाईंकडे वळले.

"तुमीच सांगा," घरचे म्हणाले. "कोन ऱ्हावं?"

कौशल्याबाईंनी पदर खोचला. दोघांनीही नकळत पोट आत ओढलं.

"तुमी जा," त्या घरच्यांना म्हणाल्या.

घरच्यांचा चेहरा उतरला. "मी कावून? ह्याच्यात माझ्यापरीस काय जास्त हाय?"

"त्यांनी लसून सोलला, शेन काढलं, आन सुग्रीवम्होरं खरं बोलले," कौशल्याबाई म्हणाल्या. "आठ दिसांत मानूस थोडा बरा झालाय. तुमी बी जाऊन होऊन या."

घरचे आसारामराव बाकड्यावरची माती झटकत राहिले. मग बसले. "चकलांब्याला कोंबडा बरा होता का?" त्यांनी म्होरल्यांना हळूच विचारलं.

"झणझणीत," म्होरले म्हणाले. "बीडच्या स्टँडवर कुनाकडं बघू नका."

मावळतीचा वारा जोरात आला. पाती गरगरली, माती उडाली, आणि बाकडं रिकामं झालं. भामाबाई लगेच त्यावर बसली.

आसारामराव डोळे पुसत घरी आले. डोळ्यांत माती गेली होती असं त्यांनी सांगितलं. घर बरंच मोठं वाटत होतं. टँकर आल्याची हाक ऐकू आली तेव्हा त्यांनी आपणहून घागरी उचलल्या. विहिरीवर एक खेप भरली, घरी आणून ओतली, दुसरीला निघाले. तिसऱ्या खेपेला मात्र वाटेतल्या दगडावर बसावं लागलं.

"काय चेअरमन," बायकांतल्या एकीने विचारलं, "आज लवकर दमलाव? मागल्या आठवड्यात तर दम खात नव्हता."

"मागल्या आठवड्यात दोघं होतो," आसारामराव म्हणाले.

बायकांना वाटलं ते कौशल्याबाईंविषयी बोलतायत. चेअरमनने बायकोच्या कामाची अशी चारचौघांत कबुली दिलेली त्यांनी कधी ऐकली नव्हती. दुपारपर्यंत ही गोष्ट गावभर झाली, आणि संध्याकाळी ती कौशल्याबाईंच्या कानावर आली.

त्यांनी ताट वाढलं, तांब्या ठेवला आणि या खेपेला भिंतीकडे न बघता म्हणाल्या, "जेवा."

आसारामराव जेवले. मग चहा आला. त्यांनी पेला उचलला, समोरच्या रिकाम्या बाजेकडे बघितलं आणि अगदी हळू, आवाज न करता पहिला घोट घेतला.

"वढा की नेहमीसारखं," कौशल्याबाई म्हणाल्या. "लई सुनं सुनं वाटतंय."